घरातला कॅमेरा : दादासाहेब फाळके

धुंडिराज गोविंद फाळके यांना आपण भारतीय चित्रपटाचे जनक म्हणून ओळखतो. परंतु देवादिकांच्या कथा पडद्यावर आणणाऱ्या या माणसाने आपले घर आणि आपले कामही चित्रित केले, तिकडे आपले लक्ष फारसे जात नाही. मला त्यांचे वेगळेपण तिथेच दिसते.

३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वर येथे त्यांचा जन्म झाला. मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत व बडोद्याच्या कलाभवनात शिकून त्यांनी छायाचित्रण, छपाई असे अनेक उद्योग केले. पुढे ख्रिस्तचरित्रावरील चित्रपट पाहिला आणि त्यांना एकच ध्यास लागला. अतिश्रमाने काही काळ दृष्टी गेली, विम्याची पॉलिसी गहाण पडली. १९१२ मध्ये लंडनला जाऊन त्यांनी ही विद्या शिकून घेतली.

भांडवलदारांना पटवायचे कसे? फाळक्यांनी कुंडीत वाटाणा पेरला, समोर कॅमेरा मांडला आणि रोप वाढेल तसतशी थोडी थोडी फिल्म उतरवली. मिनिटभराची ‘अंकुराची वाढ’ पाहून पैसे देणारे पुढे आले. आम्हां भिवापूरकरांची नजर रोज मिरचीच्या रोपांवर असते. पण रोज पाहणाऱ्याला रोप वाढताना कधी दिसत नाही. फाळक्यांनी ते दाखवले!

३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशनमध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ झळकला. त्यासाठी सारे घर राबले होते. सरस्वतीबाईंनी रात्री जागून फिल्मला भोके पाडली, कलावंतांना रांधून वाढले. मुलगा भालचंद्र रोहिदास झाला. १९१९ च्या ‘कालियामर्दन’मध्ये कन्या मंदाकिनी बाळकृष्ण झाली. त्याआधी १९१७ मध्ये ‘चित्रपट कसे तयार करतात’ या लघुपटात फाळके स्वतःच पडद्यावर आले होते. तेथे ते नायक नव्हते, कामात गढलेले कारागीर होते. त्याचे काही तुकडे आजही पाहायला मिळतात.

न्यूयॉर्कच्या जोनास मेकास यांनी १९६९ मध्ये ‘वॉल्डन’ हा दैनंदिनीवजा चित्रपट काढला, तेव्हा या प्रकाराला जगात नाव मिळू लागले. फाळक्यांनी दैनंदिनी लिहायची म्हणून काही केले नाही, गरजेपोटी केले. तरी त्यांचे खरे आत्मचित्र मला त्या कामातच सापडते.

१९३७ चा ‘गंगावतरण’ हा त्यांचा शेवटचा चित्रपट. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिक येथे त्यांचे निधन झाले.

मित्रहो, आज प्रत्येकाच्या खिशात कॅमेरा आहे. एका कुंडीसमोर तो रोज मांडण्याचा धीर मात्र ज्याचा त्यालाच कमवावा लागतो.