बास्केटबॉलला वस्ताद देणारा माणूस: फॉग ॲलन

कुस्तीला वस्ताद कशाला हवा, असं बेळगाव-कोल्हापूरकडे कुणी विचारलं तर लोक त्याच्याकडे बघतच राहतील. तालमीत पोरगं घातलं की ते वस्तादाच्या ताब्यात. पण बास्केटबॉलच्या सुरुवातीच्या काळात हा प्रश्न खरोखरच निघाला होता. आणि या खेळाला कोच लागत नाही असं मानणारे दुसरेतिसरे कुणी नव्हते, तर ज्यांनी तो खेळ शोधून काढला ते डॉ. जेम्स नेस्मिथ होते. त्यांना खोटं ठरवलं त्यांच्याच हाताखाली खेळलेल्या एका विद्यार्थ्यानं. त्याचं नाव फॉरेस्ट ॲलन. अख्खी अमेरिका त्यांना 'फॉग' ॲलन म्हणून ओळखायची. तरुणपणी ते बेसबॉलचे अंपायर होते आणि आवाज असा, की धुक्यात जहाजांना सावध करणारा भोंगा वाजावा. त्यावरून हे नाव पडलं ते कायमचं.

ॲलन यांचा जन्म 18 नोव्हेंबर 1885 चा, मिसुरी राज्यातल्या जेम्सपोर्ट गावचा. वाढले त्याच राज्यातल्या इंडिपेंडन्समध्ये. तिथून शेजारच्या कॅन्सस राज्याची हद्द अगदी जवळ. आता हा सीमाभाग म्हणजे काय, हे आपल्या वाचकांना वेगळं सांगायला नको. पण तिथला इतिहास आपल्यापेक्षा बराच रक्ताळलेला आहे. मिसुरीत गुलामगिरी होती, कॅन्ससनं ती नाकारली. 1863 मध्ये मिसुरीच्या बाजूनं आलेल्या हत्यारबंद टोळीनं कॅन्ससमधलं लॉरेन्स गाव जाळलं आणि दीडशेच्या आसपास माणसं मारली. पुढे दोन्ही राज्यांच्या विद्यापीठांमधल्या सामन्यांनाही लोक 'सीमेची लढाई' म्हणू लागले. त्याच लॉरेन्समध्ये कॅन्सस विद्यापीठ आहे आणि मिसुरीचा हा पोरगा शिकायला, खेळायला गेला तो तिथंच.

त्याआधीच त्यांचं नाव झालं होतं. 1905 मध्ये कॅन्सस सिटीच्या क्लबसाठी बफेलोच्या नावाजलेल्या संघाविरुद्ध तीन सामन्यांची मालिका भरवण्यात ॲलन पुढे होते, तेही विशीच्या आत. कॅन्सस सिटीनं ती दोन-एक अशी जिंकली. त्या काळी संघाचे सगळे फ्री थ्रो एकाच खेळाडूनं टाकले तरी चालत. कॅन्सस सिटीसाठी ते काम ॲलन करायचे.

लॉरेन्सला नेस्मिथ 1898 पासूनच होते. डिसेंबर 1891 मध्ये स्प्रिंगफिल्डच्या वायएमसीए प्रशिक्षण शाळेत त्यांनी पीच फळांच्या टोपल्या गॅलरीला ठोकून हा खेळ सुरू केला, तो हिवाळ्यात कंटाळलेल्या मुलांना व्यायाम मिळावा म्हणून. हार-जीत त्यांच्या लेखी दुय्यम. त्यामुळे शेजारच्या बेकर कॉलेजनं आपल्या संघाला शिकवायला ॲलन यांना बोलावलं, तेव्हा नेस्मिथ यांना हसूच आलं. हा खेळ शिकवायचा नसतो, नुसता खेळायचा असतो, असं त्यांनी ॲलनना समजावलं. ॲलन यांनी ऐकून घेतलं आणि बेकरचं काम पत्करलं. 1907 मध्ये कॅन्सस विद्यापीठाचा संघही नेस्मिथ यांच्याकडून त्यांच्याकडे आला. वय जेमतेम 22. बरोबरीच्या पोरांना शिकवायचं, म्हणजे कालपर्यंत ज्याच्या खांद्यावर हात टाकला त्यालाच आज रागवायचं. हे वाटतं तेवढं सोपं नसतं.

आकडे बघा. नेस्मिथ यांच्या काळात कॅन्ससनं 55 सामने जिंकले, 60 हरले. त्या विद्यापीठात विजयापेक्षा पराभव जास्त असलेले कोच आजही तेवढे एकच, खुद्द खेळाचे जनक.

तरी कोचिंगवर पोट भरेल याची ॲलन यांनाही खात्री नसावी. 1909 मध्ये सगळं सोडून ते ऑस्टिओपथी शिकायला गेले. हाडं आणि स्नायू हातानं दाबून-सरकवून बरं करण्याची ही तिकडची विद्या. 1912 पासून वॉरेन्सबर्गच्या शिक्षक महाविद्यालयात कोच झाले आणि 1919 मध्ये कॅन्ससला परतले. खेळाडूंचे मुरगळलेले घोटे, दुखऱ्या पाठी ते स्वतः बघायचे, म्हणून पोरं त्यांना 'डॉक' म्हणत. आपल्याकडचे जुने वस्ताद हाडही बसवायचे, तसलाच प्रकार.

1927 साली नियम समितीनं ड्रिबल जवळपास बंदच करायचं ठरवलं, म्हणजे चेंडू फक्त एकदा आपटायचा. ॲलन यांनी देशभरच्या कोचना एकत्र केलं, त्यांची राष्ट्रीय संघटना उभी केली आणि पहिले अध्यक्ष झाले. नियम मागे घ्यावा लागला. माझ्या मते त्यांचं सगळ्यात मोठं काम हेच. आज बास्केटबॉलमधून ड्रिबल काढून बघा, उरतं काय? 1936 च्या बर्लिन ऑलिम्पिकमध्ये हा खेळ यावा म्हणूनही ते वर्षानुवर्षं झटले, आणि म्हाताऱ्या नेस्मिथ यांना तो सोहळा बघायला पाठवता यावं म्हणून कोचमंडळींनी पैसे जमवले. गुरूशी मतभेद होता, अबोला नव्हता.

पण याच माणसाची दुसरी बाजूही आहे. त्याच 1930 च्या दशकात जॉन मॅक्लेन्डन नावाचा कृष्णवर्णीय विद्यार्थी कॅन्ससला नेस्मिथ यांच्याकडे शिकत होता. विद्यापीठाच्या संघात कृष्णवर्णीयांना जागा नव्हती आणि तो संघ ॲलन यांचा होता. ड्रिबलसाठी देशभरचे कोच गोळा करणाऱ्या माणसानं आपल्याच मैदानावरचा हा नियम मोडला नाही. मॅक्लेन्डन न खेळताच कोच झाले आणि 1957 ते 1959 अशी सलग तीन वर्षं त्यांनी टेनेसीच्या कॉलेजला राष्ट्रीय विजेतेपद मिळवून दिलं. कॅन्ससच्या संघात पहिला कृष्णवर्णीय खेळाडू यायला 1950 चं दशक उजाडावं लागलं.

1952 मध्ये ॲलन यांच्या संघानं सेंट जॉन्सला 80-63 असं हरवून राष्ट्रीय विजेतेपद घेतलं. क्लाइड लव्हलेटनं एकट्यानं 33 गुण केले. त्याच वर्षी हेलसिंकीला सुवर्णपदक जिंकणाऱ्या अमेरिकन संघात कॅन्ससचे सात खेळाडू होते आणि ॲलन सहायक प्रशिक्षक. विजेत्या कॅन्सस संघात बहुतेक वेळ बाकावर बसणारा एक मुलगा होता, डीन स्मिथ. 1923 च्या संघातही असाच एक राखीव गडी होता, अडॉल्फ रुप. पुढे रुप केंटकीचे आणि स्मिथ नॉर्थ कॅरोलिनाचे कोच झाले. दोघांनीही सामने जिंकण्यात ॲलन यांना मागे टाकलं.

1 मार्च 1955 ला लॉरेन्समध्ये नवं भव्य क्रीडागृह उघडलं, त्याला ॲलन यांचं नाव दिलं. माणूस हयात, कामावर हजर, आणि इमारतीवर त्याचं नाव! त्याच वर्षी त्यांनी फिलाडेल्फियाहून सात फुटी विल्ट चेंबरलेनला कॅन्ससला आणलं. अनेक विद्यापीठं त्याच्या मागे लागली होती. पण पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्याला मुख्य संघात खेळता येत नसे. नोव्हेंबरमध्ये नवख्यांचा संघ ॲलन यांच्याच मुख्य संघाविरुद्ध उतरला आणि 81-71 असा जिंकला. विल्टचे गुण 42.

त्याच महिन्यात ॲलन 70 वर्षांचे झाले. राज्याच्या नियमाप्रमाणे 70 ला निवृत्ती. एकच वर्ष वाढवून द्या, म्हणून त्यांनी जंग जंग पछाडलं. कुणी दाद दिली नाही. 1956 मध्ये खुर्ची सोडावी लागली आणि विल्ट त्यांच्या सहायकाच्या, डिक हार्प यांच्या हाताखाली खेळला. 1957 चा अंतिम सामना कॅन्सस सिटीत झाला. तीन वेळा जादा वेळ खेळवावा लागला आणि नॉर्थ कॅरोलिनानं कॅन्ससला एका गुणानं हरवलं, 54-53. ॲलन असते तर? लॉरेन्सची जुनी मंडळी हा प्रश्न कित्येक वर्षं चघळत राहिली.

ॲलन यांनी लॉरेन्समध्ये पुन्हा ऑस्टिओपथीचा दवाखाना चालवला. 16 सप्टेंबर 1974 ला ते गेले, वयाच्या 88 व्या वर्षी. त्यांच्या नावाच्या क्रीडागृहात कॅन्ससचे सामने अजूनही होतात. आतल्या मैदानाला नाव आहे जेम्स नेस्मिथ यांचं.