कल्पक लक्ष्मणराव

नवी कल्पना सुचणे ही जन्मजात देणगी होय आणि ती काही आपल्या वाट्यास आलेली नाही, असे आमचे विद्यार्थी आम्हांस वारंवार सांगतात. अशा वेळी आम्ही त्यांस बेळगावच्या एका सायकलवाल्याची हकिकत सांगतो. येळ्ळूरची मुले बेळगावात किर्लोस्कर रोडवरून कितीदा तरी जातात. त्या नावामागील मनुष्य मात्र त्यांस ठाऊक नसतो.

लक्ष्मणराव काशिनाथ किर्लोस्कर यांचा जन्म २० जून १८६९ रोजी बेळगाव जिल्ह्यातील गुर्लहोसूर येथे झाला. शालेय अभ्यासात त्यांचे मन रमेना. चित्रे आणि यंत्रे यांचाच नाद. चित्रकार व्हावे म्हणून ते मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत गेले, तो काही रंग आपल्या डोळ्यांस ओळखू येत नाहीत असे आढळले! चित्रकारावर याहून मोठा आघात कोणता? तथापि रंग गेले तरी रेघ हाताशी होती. ते यंत्रांची रेखाचित्रे काढावयास शिकले आणि व्हिक्टोरिया ज्युबिली तंत्रशाळेत तोच विषय शिकवू लागले. अभियंत्याची पदवी त्यांच्यापाशी नव्हती. यंत्र खोलावे, कोणता भाग कशासाठी आहे ते पाहावे, ते पुन्हा जोडावे, हाच त्यांचा अभ्यास.

बढती हुकताच नोकरी सोडून ते बेळगावी आले. १८८८ पासून बंधू रामूअण्णांसह चालविलेल्या सायकलींच्या दुकानाला त्यांनी छोट्या कारखान्याची जोड दिली. प्रथम कडबा कापण्याचे यंत्र निघाले, मग १९०३ च्या सुमारास लोखंडी नांगर. पण लोखंडाने जमीन विषारी होते, असा शेतकऱ्यांचा समज! पहिले सहा नांगर खपावयास दोन वर्षे लागली. त्यांच्या चरित्रातील हाच काळ आम्हांस सर्वांत मोलाचा वाटतो. दुसरा कोणी शेतकऱ्यांस अडाणी ठरवून मोकळा झाला असता. लक्ष्मणराव नांगर सुधारीत राहिले.

पुढे नगरपालिकेने कारखान्याची जागा सोडावयास सांगितली. औंधचे अधिपती बाळासाहेब पंतप्रतिनिधी यांनी कुंडल स्थानकाजवळचा ओसाड, निवडुंगाने भरलेला माळ दिला. तेथे १९१० साली किर्लोस्करवाडी उभी राहिली. १९५६ साली लक्ष्मणराव निवर्तले.

यंदा आम्ही आठवीच्या मुलांपुढे सायकलीचे जुने पेडल खोलावयास ठेवले. दोघांस ते पुन्हा जोडता आले नाही. दुसऱ्या दिवशी शाळा भरण्यापूर्वीच ते दोघे दाराशी उभे होते.