सात टनांचा कामगार, १०२ टनांची दंतकथा

अलेक्सेई स्ताखानोव्ह यांचा जन्म १९०६ साली रशियातील एका गरीब शेतकरी कुटुंबात झाला. १९२७ मध्ये ते युक्रेनमधील दोनबास भागात, कादियेव्का येथील कोळशाच्या खाणीत दाखल झाले, ते केवळ घोडा घेण्यापुरते पैसे जमवून गावी परतण्याच्या इराद्याने. ते परतणे मात्र झाले नाही.

३१ ऑगस्ट १९३५ च्या रात्री जेमतेम पावणेसहा तासांत १०२ टन कोळसा त्यांच्या नावावर नोंदला गेला. ठरलेले प्रमाण ७ टनांचे होते. एरवी कोळसा फोडणाऱ्यालाच छताला लाकडी टेकूही द्यावे लागत. त्या रात्री ते काम बोरिसेन्को आणि श्चिगोलेव्ह या दोन सहकाऱ्यांनी सांभाळले. योजना खाणीतील पक्षसंघटक पेत्रोव्ह यांची होती. गौरव मात्र एकट्या स्ताखानोव्ह यांच्या वाट्याला आला. त्यांचे छायाचित्र डिसेंबरमध्ये अमेरिकेच्या ‘टाइम’ साप्ताहिकाच्या मुखपृष्ठावर झळकले.

गोर्की येथील मोटार कारखान्यातील बुसिगिन, कापड गिरणीतील विनोग्रादोवा भगिनी नव्हेत, पण त्याच आडनावाच्या दोन विणकर स्त्रिया, असे नवे विक्रमवीर पुढे आले. विक्रमवीरांना बक्षिसे आणि चांगली घरे मिळाली. सामान्य कामगाराच्या घरी वेगळेच चित्र होते. अनेक कुटुंबे एकाच सामाईक स्वयंपाकघरात दिवस काढीत होती. १९३६ मध्ये कामाची प्रमाणे वाढविण्यात आली आणि तुकड्यावर काम करणाऱ्याला पूर्वीइतक्याच मजुरीसाठी अधिक राबावे लागले. आदर्शाविषयी आदराबरोबरच रोषही त्यातूनच निर्माण झाला. १९४० च्या कायद्याने तर वीस मिनिटांहून अधिक उशीर हा दंडनीय गुन्हा ठरला आणि परवानगीशिवाय नोकरी सोडण्यास बंदी आली.

स्ताखानोव्ह तोवर मॉस्कोत, खाणीपासून दूर होते. तेथे त्यांनी शिक्षण घेतले, पुढे सरकारी खात्यात काम केले. स्टालिनच्या मृत्यूनंतर, १९५७ मध्ये त्यांची रवानगी पुन्हा दोनबासमध्ये झाली. मद्याच्या व्यसनाने त्यांना ग्रासले होते. समाजवादी श्रमवीर हा किताब मिळण्यास १९७० साल उजाडले. ५ नोव्हेंबर १९७७ रोजी तोरेझ येथे त्यांचे निधन झाले.

दुसऱ्याच वर्षी कादियेव्का शहराला त्यांचे नाव देण्यात आले. २०१६ मध्ये युक्रेनच्या संसदेने ते बदलून जुने नाव पुन्हा दिले. टेकू देणाऱ्या त्या दोघांचे नाव मात्र कोणत्याच शहराला कधी मिळाले नव्हते.