भास्कराचार्य : क्षण मोजणारे गणिती



इथे हट्ट्याला वर्गात मी दरवर्षी लीलावतीची गोष्ट सांगतो. तुम्हालाही ती माहीत असेल. भास्कराचार्यांनी मुलीची पत्रिका पाहिली. लग्नासाठी तिला एकच मुहूर्त होता. तो चुकू नये म्हणून त्यांनी पाण्यावर घटिकापात्र ठेवलं. मुलगी वाकून बघायला गेली आणि तिच्या अंगावरचा मोती पात्रात पडला. बारीक भोक बुजलं, पात्र बुडालंच नाही, मुहूर्त टळला. मग तिचं मन रमावं म्हणून वडिलांनी तिच्या नावाने गणिताचा ग्रंथ लिहिला.

यंदा सहावीतल्या एका मुलीने विचारलं, की एक मोती पडला म्हणून तिचं सगळं आयुष्य कसं काय बिघडलं? तिच्या घरी त्याच आठवड्यात मोठ्या बहिणीच्या लग्नाची बोलणी चालू होती. मला पटकन उत्तर सुचलं नाही. घरी आलो आणि भास्कराचार्यांचं चरित्र पुन्हा काढून वाचलं. तेच आज तुमच्यासमोर मांडतो.

भास्कराचार्यांचा जन्म शके 1036 मधला, म्हणजे इ.स. 1114. वडील महेश्वर हे स्वतः ज्योतिषी आणि मुलाचे गुरूही तेच. सह्याद्रीच्या आश्रयाला असलेलं विज्जलविड हे आपलं गाव, असं त्यांनी स्वतःच नोंदवलं आहे. वयाच्या 36व्या वर्षी, इ.स. 1150 मध्ये, त्यांनी सिद्धांतशिरोमणी हा ग्रंथ पूर्ण केला. त्याचे चार भाग : लीलावती, बीजगणित, ग्रहगणित आणि गोलाध्याय. सत्तरीला आले तरी हात थांबला नव्हता. 1183 हे वर्ष आधाराला धरून त्यांनी करणकुतूहल लिहिलं. पंचांग करणाऱ्यांना आकडेमोड सोपी जावी हा त्याचा हेतू.

आता मुख्य मुद्दा. या माणसाने काळाकडे कसं पाहिलं?

त्यांनी काळ मोजायला घेतला. दिवसाचे 30 मुहूर्त, मुहूर्ताच्या 2 घटिका. घटिकेच्या 30 कला, कलेच्या 30 काष्ठा, काष्ठेचे 18 निमेष. निमेष म्हणजे पापणी लवायला लागतो तेवढा वेळ. आपण इथेच थांबलो असतो. पण त्यांनी निमेषाचे 30 तत्पर आणि एका तत्पराच्या 100 त्रुटी सांगितल्या. मुलांना हा गुणाकार जरूर करायला द्या. दिवसाचे 9,72,000 निमेष होतात आणि आपल्या एका सेकंदात 33,750 त्रुटी बसतात! एवढा लहान वेळ मोजेल असं यंत्र तेव्हा कुणाकडेच नव्हतं. घटिकापात्र मोजायचं फक्त 24 मिनिटं. बाकीचं सगळं डोक्यात आणि आकड्यांत.

मग एवढ्या लहान तुकड्याचा विचार तरी कशाला? तर चंद्रामुळे. चंद्राची गती सारखी नसते, ती सतत बदलते. कालच्या आणि आजच्या जागेतलं अंतर काढलं तर दिवसभराची सरासरी गती मिळते. पण तिथी नेमकी कधी संपते हे काढायचं, तर त्या क्षणाची गती लागते. भास्कराचार्यांनी तिला तात्कालिक गती म्हटलं आणि ती काढायची रीत दिली. बघा, पुढे युरोपात न्यूटन आणि लायब्निट्झ यांनी जे कलनशास्त्र उभं केलं, त्यातली एक महत्त्वाची कल्पना इथे पाचशे वर्षं आधी दिसते. पूर्ण शास्त्र त्यांनी उभारलं असं मात्र मुलांना सांगू नका, ते खरं नाही.

त्यांचं सगळंच बरोबर होतं असंही नाही. आऱ्यांत पारा भरला की आपोआप फिरत राहील, अशा चाकाचं वर्णन गोलाध्यायात आहे. असं चाक फिरत राहू शकत नाही, हे आज आठवीतला पोरगाही सांगेल. थोरांची चूक दाखवली म्हणून थोरपण कमी होत नाही.

आता लीलावतीच्या गोष्टीकडे येऊ. ही गोष्ट मिळते ती अकबराच्या दरबारातल्या फैजीने 1587 मध्ये केलेल्या फारसी भाषांतरात. म्हणजे ग्रंथानंतर चारशेहून अधिक वर्षांनी. भास्कराचार्यांच्या स्वतःच्या लेखनात ती नाही.

त्यांच्या घराण्याबद्दल पक्कं सांगणारा पुरावा वेगळा आहे. चाळीसगाव तालुक्यातल्या पाटणे इथला 1207 चा शिलालेख. मुलगा लक्ष्मीधर यादव राजा जैत्रपालाच्या दरबारी पंडित होता, नातू चांगदेव सिंघण राजाचा ज्योतिषी. या नातवाने आजोबांचे ग्रंथ शिकवण्यासाठी मठ काढला. त्या मठाला दिलेल्या दानाची नोंद लेखात जुन्या मराठीत आहे. डॉ. भाऊ दाजी लाड यांनी 19व्या शतकात हा लेख अभ्यासकांपुढे आणला. म्हणजे आजोबांची आठवण घरच्यांनी कशी जपली, तर शाळा काढून!

दुसऱ्या दिवशी तळाला बारीक भोक पाडलेली वाटी आणि पाण्याची बादली घेऊन वर्गात गेलो. वाटी किती वेळात बुडते ते मुलांनी घड्याळ लावून मोजलं. मग त्याच मुलीला भोकावर खडा ठेवायला सांगितला. वाटी तरंगत राहिली, भिंतीवरचं घड्याळ मात्र चालूच होतं. तिला म्हटलं, बघ बेटा, खड्याने वाटी अडते, वेळ अडत नाही. मुहूर्त टळला म्हणजे आयुष्य टळत नाही. ती काही बोलली नाही, पण वाटी घरी न्यायची परवानगी मागितली. बहिणीला दाखवायची होती.

गोष्ट मी पुढेही सांगणार आहे. फक्त ती गोष्ट आहे हे आधी सांगेन आणि वाटी सोबत ठेवेन. तुम्हीही करून बघा.