काळ्या मखमलीमागचा डोळा

ज्या अमेरिकेने १८८२ च्या कायद्याने चिनी माणसाला नागरिकत्व नाकारले, त्याच अमेरिकेच्या नटनट्यांचे चेहरे पडद्यावर कसे दिसावेत, हे एका चिनी माणसाने ठरवले. छायालेखक जेम्स वाँग हाउ यांचा जन्म १८९९ चा, चीनच्या ग्वांगडाँग प्रांतातला. लहानपणीच ते अमेरिकेत आले, पोरवयात मुष्टियुद्ध खेळले आणि १९१७ मध्ये हॉलिवूडच्या एका स्टुडिओत पडेल ते काम करू लागले.

त्या काळच्या फिल्मवर निळे डोळे पांढरेफटक उमटत. मेरी माइल्स मिंटर या नटीची छायाचित्रे काढताना हाउ यांनी हेरले, की समोर गडद वस्तू असली तर तिची छाया डोळ्यांत पडते आणि डोळे काळेभोर दिसतात. त्यांनी कॅमेऱ्याभोवती काळी मखमल लावली. मग अफवा उठली, की ही जादू त्या मखमलीची! अक्कल माणसाची, श्रेय कापडाला. हा न्याय आपल्या ओळखीचा आहे.

गोड, गुळगुळीत प्रकाश त्यांना मानवत नसे. खोलीत दिवा असेल तर उजेड दिव्याकडूनच आला पाहिजे आणि कोपऱ्यातला अंधार अंधारच राहिला पाहिजे, हा त्यांचा आग्रह. १९४७ च्या 'बॉडी अँड सोल' या स्वतंत्र कंपनीच्या चित्रपटात ते चाकांचे बूट घालून, कॅमेरा हातात धरून रिंगणात उतरले. प्रेक्षक ठोसे खाणाऱ्याच्या इतका जवळ त्याआधी क्वचितच गेला असेल. 'हड'मध्ये त्यांनी टेक्सासचे आभाळ रिकामे, भगभगीत ठेवले. १९५५ च्या 'द रोज टॅटू'नंतर १९६३ च्या या चित्रपटाने त्यांना दुसरे ऑस्कर दिले.

पण पडद्यामागे काय चालले होते? महायुद्धात लोकांनी जपानी समजून अंगावर येऊ नये, म्हणून आपण चिनी असल्याचा बिल्ला त्यांना छातीवर लावावा लागला. नागरिकत्वाची बंदी १९४३ मध्ये उठली. बेटीबंदी मात्र कायम होती. आपल्याकडे ती रूढीने चाले, कॅलिफोर्नियात तिला कायद्याचा शिक्का होता. गोऱ्या लेखिका सॅनोरा बॅब यांच्याशी हाउ यांनी १९३७ मध्ये पॅरिसला लग्न केले. घरी परतल्यावर मात्र ते लग्न कायद्याच्या लेखी नव्हतेच. नवराबायको एकाच इमारतीत वेगवेगळ्या घरांत राहिले. १९४८ मध्ये कॅलिफोर्नियाच्या सर्वोच्च न्यायालयाने ती बंदी रद्द केली. पुढच्या वर्षी, पहिल्या लग्नाला १२ वर्षे झाल्यावर, दोघांनी आपल्याच राज्यात पुन्हा लग्न केले. १९७६ मध्ये हाउ यांचे निधन झाले, तोवर त्यांचा संसार एकाच छपराखाली होता.