बर्फावर धावणारा याप एडन

ह्या महिन्याच्या भित्तिपत्रकासाठी गुरुजींनी सगळ्यांना एकेका खेळाडूची माहिती लिहायला सांगितली होती. मी त्या दिवशी म्हशीला पाणी दाखवून आले म्हणून मला उशीर झाला. तोपर्यंत मुलांनी क्रिकेटवाले वाटून घेतले होते आणि मुलींनी पळणाऱ्या. मला कोणीच उरले नाही. मग गुरुजींनी त्यांच्याकडच्या जाड पुस्तकातून मला एक नाव काढून दिले, याप एडन. मी ते नाव पहिल्यांदाच ऐकले. तुम्हीही पहिल्यांदाच ऐकत असाल. पण त्याच्या देशात तो फार मोठा खेळाडू मानतात.

याप एडन हा नेदरलँड्स देशाचा. ह्या देशाला पुष्कळ लोक हॉलंडसुद्धा म्हणतात. हा देश युरोपात आहे. तो अगदी सपाट आहे, डोंगर जवळजवळ नाहीतच. पुष्कळशी जमीन समुद्राच्या पाण्यापेक्षा खाली आहे, म्हणून बांध घालून समुद्र अडवला आहे आणि शेतातले पाणी काढायला जिकडेतिकडे कालवे खणले आहेत. कडक थंडी पडली की हे कालवे गोठतात. वर घट्ट बर्फ होतो. मग त्या लोकांना तो रस्ताच झाला! पूर्वी तिथली माणसे हिवाळ्यात बुटाला लोखंडी पाते बांधून कालव्यावरून ह्या गावाहून त्या गावाला जायची. त्यालाच स्केटिंग म्हणतात.

आपल्याकडे बर्फ म्हणजे जत्रेतला गोळा, नाहीतर अवकाळी पावसातली गार. त्यामुळे बर्फावर उभे कसे राहायचे हेच मला आधी कळेना. गुरुजींनी समजावून सांगितले. बुटाखाली सुरीसारखे लांब, अरुंद पाते असते. चालताना आपण पाय मागे रेटतो. तसे बर्फावर केले तर पाते नुसते पुढेमागे घसरते. म्हणून पाय बाजूला रेटायचा आणि दुसऱ्या पायावर घसरत पुढे जायचे. मग पुन्हा तो पाय बाजूला. अंग वाकवून ठेवायचे, म्हणजे वारा कमी लागतो. आमच्या वर्गातल्या मुलांनी फरशीवर पाणी ओतून हे करून बघितले. एकाचे कोपर फुटले. तुम्ही करू नका.

यापचा जन्म १९ ऑक्टोबर १८७३ रोजी ग्रोनिंगेन शहरात झाला. पण तो वाढला हार्लेम शहराच्या बाजूला, आजीआजोबांजवळ. हे मला आवडले, कारण मीसुद्धा आजीजवळ राहते. आईबापू कारखान्याला ऊस तोडायला गेले की सहा महिने आजीच माझी वेणी घालते.

गोठलेले पाणी त्याच्या दारातच होते. तो लहानपणापासून बर्फावर पळू लागला आणि थोड्याच वर्षांत मोठमोठ्या लोकांना मागे टाकू लागला.

त्या वेळी बर्फावरच्या शर्यतींना धड नियम नव्हते. प्रत्येक देशाचे निराळे. मग १८९२ साली नेदरलँड्समधल्याच स्खेवेनिंगेन गावी निरनिराळ्या देशांची माणसे जमली आणि त्यांनी आंतरराष्ट्रीय स्केटिंग संघटना काढली. पुढच्याच वर्षी, म्हणजे जानेवारी १८९३ मध्ये, ह्या संघटनेची पहिली जागतिक स्पर्धा ॲमस्टरडॅम शहरात भरली. याप तेव्हा १९ वर्षांचा होता.

ह्या स्पर्धेचा नियम ऐका. एकूण चार शर्यती. ५०० मीटर, १,५०० मीटर, ५,००० मीटर आणि १०,००० मीटर. म्हणजे एक अगदी छोटी, पळत सुटायची, आणि एक दहा किलोमीटरची, दमवणारी. ज्याने चारांतल्या तीन जिंकल्या तोच जगज्जेता. कोणीच तीन जिंकल्या नाहीत तर त्या वर्षी जगज्जेता कोणीच नाही! मला हा नियम फार कडक वाटतो. आपल्या शाळेत जोरात पळणारा निराळा असतो आणि जास्त वेळ पळणारा निराळा. दोन्ही एकाच माणसाला जमायचे म्हणजे अवघड.

याप एडनला ते जमले. स्वतःच्याच देशात, स्वतःच्या लोकांसमोर तो जगज्जेता झाला. पुढच्या वर्षी स्वीडन देशात स्टॉकहोमला स्पर्धा झाली, तिथे तीन शर्यती कोणालाच जिंकता आल्या नाहीत. म्हणून १८९४ सालचा जगज्जेताच नाही. मग १८९५ मध्ये नॉर्वे देशात हामार गावी याप पुन्हा जगज्जेता झाला. आणि १८९६ मध्ये रशियात सेंट पीटर्सबर्गला तिसऱ्यांदा.

पण मला सगळ्यांत आवडली ती हामारचीच एक गोष्ट. ती १८९४ सालची आहे. हामार हे गाव एका मोठ्या सरोवराच्या काठी आहे. तिथे यापने ५,००० मीटर अंतर ८ मिनिटे ३७.६ सेकंदांत कापले. त्याआधीचा जगातला विक्रम ह्यापेक्षा जवळजवळ अर्ध्या मिनिटाने जास्त वेळाचा होता. विक्रम मोडायचा तर कोणी एक सेकंदाने मोडतो, कोणी दोन सेकंदांनी. ह्याने अर्धे मिनिट एकदम काढून टाकले. घड्याळ धरणाऱ्यांना आधी खरे वाटले असेल का, असे माझ्या मनात आले.

अर्धे मिनिट म्हणजे काय ते कळावे म्हणून आम्ही आपल्या मैदानावर हिशोब केला. गुरुजींनी टेपने मोजले तर मैदानाची एक फेरी बरोबर १०० मीटर भरली. म्हणजे ५,००० मीटरला ५० फेऱ्या. यापला एका फेरीला साधारण साडेदहा सेकंद लागले असते. मी जीव घेऊन एक फेरी पळाले, मला २२ सेकंद लागले. आणि तेवढ्या जोरात दुसरी फेरी मला पळताच आली नाही. मग मी हळूहळू पळत राहिले. अकराव्या फेरीला माझ्या पोटात दुखायला लागले म्हणून मी निंबाखाली जाऊन बसले. यापने तशा ५० फेऱ्या एका दमात मारल्या असत्या. अर्थात तो बर्फावर होता आणि मी मातीत, हे सांगायला पाहिजे.

दुसऱ्या वर्षी त्याच हामारला त्याने १०,००० मीटर १७ मिनिटे ५६ सेकंदांत कापले. हे अंतर १८ मिनिटांच्या आत कापणारा तो जगातला पहिला माणूस.

आता तुम्ही विचाराल, उन्हाळ्यात बर्फ वितळल्यावर हा काय करायचा? तर सायकल चालवायचा! साधी नाही, शर्यतीची. स्केटिंग करणाऱ्याच्या मांड्या फार जोरदार होतात आणि त्याला वाकून राहायची सवय असते. दोन्ही गोष्टी सायकलीला उपयोगी पडतात. आजसुद्धा बर्फावरचे खेळाडू उन्हाळ्यात सायकलीवर सराव करतात. १८९४ मध्ये बेल्जियम देशात अँटवर्प शहरी सायकलींची जागतिक स्पर्धा होती, तिथे १० किलोमीटरची शर्यत यापने जिंकली. १८९५ मध्ये जर्मनीत कोलोन शहरी थोड्या अंतराची, जोराची शर्यत जिंकली. म्हणजे १८९५ ह्या एकाच वर्षी तो हिवाळ्यात बर्फावरचा जगज्जेता आणि उन्हाळ्यात सायकलीवरचा जगज्जेता. ह्या दोन्ही खेळांत जगज्जेता झालेला पुरुष त्याच्याशिवाय दुसरा कोणी नाही. बायकांमध्ये पुढे काही जणी झाल्या.

तेव्हा तो २१-२२ वर्षांचा होता. लोकांनी त्याला डोक्यावर घेतले होते.

इथपर्यंत मी घरी एका रात्रीत लिहिले होते. पुढची माहिती वाचल्यावर मात्र दोन दिवस मी काही लिहिले नाही. ती अशी आहे.

त्या काळी अशा स्पर्धांत फक्त हौशी खेळाडूंना भाग घेता यायचा. हौशी म्हणजे जो खेळाचे पैसे घेत नाही तो. यापने मग पैशांच्या सायकल शर्यती धरल्या. त्यामुळे बर्फावरची जागतिक स्पर्धा त्याला बंद झाली. शर्यतीत त्याला पैसे मिळाले, पण ते हातात टिकले नाहीत. तो उधळायचा. दारू प्यायला लागला. सरावावरचे लक्ष उडाले. तिशी यायच्या आधीच त्याचे जिंकण्याचे दिवस संपले. पुढची सगळी वर्षे त्याने हलाखीत काढली. २ फेब्रुवारी १९२५ रोजी तो हार्लेमला वारला. तेव्हा तो ५१ वर्षांचा होता आणि त्याच्याजवळ काही उरले नव्हते.

मी गुरुजींना विचारले की हे लिहायचे का. कारण थोरांच्या चरित्रात असले कोणी लिहीत नाही. त्यात पालक वाचायला येणार. गुरुजी थोडा वेळ गप्प राहिले. मग म्हणाले की जे झाले ते लिही, पण त्याच्या विक्रमाचे आकडे नीट तपासून लिही, ते चुकता कामा नयेत. म्हणून मी ते तीनदा तपासले आहेत.

मला दुसरेही एक कारण होते. आमच्या घरात भिंतीवर एक जुना फोटो आहे. त्यात नाना, म्हणजे माझे मोठे चुलते, खांद्यावर गदा घेऊन उभे आहेत. गळ्यात हार आहे आणि छाती एवढी मोठी की काचेत मावत नाही असे वाटते. नाना पूर्वी लांबलांबच्या जत्रांत कुस्त्या मारायचे. पुढचे मी लिहीत नाही, गावाला माहीत आहे. पण मी जन्मले तेव्हा ते कुस्ती खेळत नव्हते. मी फक्त फोटो बघितला आहे.

यापची अजून एक गोष्ट सांगायची राहिली. त्याचा तो ५,००० मीटरचा विक्रम लवकर मोडलाच नाही. दरवर्षी नवे खेळाडू यायचे, चांगले बर्फ शोधायचे, पण ८ मिनिटे ३७.६ सेकंदांच्या आत कोणी जाईना. शेवटी १९११ मध्ये रशियाच्या निकोलाय स्त्रुन्निकोव्ह ह्याने तो मोडला, तोही अर्ध्या सेकंदाहून कमी फरकाने. तोपर्यंत १७ वर्षे झाली होती. याप तेव्हा ३७ वर्षांचा होता. शर्यती सोडून त्याला कितीतरी वर्षे झाली होती, तरी जगातला सर्वांत कमी वेळ त्याच्याच नावावर होता. त्याला हे कोणी सांगायचे का? रस्त्याने जाताना लोक त्याला ओळखायचे का? मला सारखे हेच वाटत राहते.

हिवाळी ऑलिंपिक स्पर्धा पहिल्यांदा भरल्या त्या १९२४ मध्ये, फ्रान्स देशात शामोनी गावी. त्यात बर्फावर पळण्याच्या शर्यती होत्या. पण यापला तेव्हा पन्नाशी गाठलेली होती. त्याच्या जोराच्या दिवसांत त्या असत्या तर त्याला किती पदके मिळाली असती, ह्यावर आमच्या वर्गात भांडण झाले.

तो गेल्यावर लोकांना त्याची आठवण झाली. १९६१ मध्ये ॲमस्टरडॅमला यंत्राने बर्फ करून ४०० मीटरची धावपट्टी बांधली. नेदरलँड्समधली ती पहिलीच. तिला याप एडनचे नाव दिले. आता कालवे गोठायची वाट बघावी लागत नाही, तिथे मुले शिकायला जातात. आणि त्या देशात दरवर्षी जो सर्वांत चांगला खेळाडू ठरतो, आणि जी सर्वांत चांगली खेळाडू ठरते, त्यांना बक्षीस म्हणून यापचा छोटा पुतळा देतात. आजचे खेळाडू ५,००० मीटर साधारण सव्वासहा मिनिटांत जातात. पण त्यांचे बर्फ छपराखाली असते, काचेसारखे गुळगुळीत. यापच्या वेळी वारा, हिम, भेगा, सगळे असायचे.

काल रात्री मी हे सगळे घरी मोठ्याने वाचून दाखवले. आजी चुलीपुढे होती. नाना ओट्यावर बसले होते आणि ऐकत आहेत असे मला वाटले नव्हते. दारूचे आले तिथे मी हळू वाचले. वाचून झाल्यावर नानांनी एवढेच विचारले की त्या गड्याचा विक्रम किती वर्षे टिकला. मी सांगितले, १७. ते म्हणाले, तेवढे पुन्हा वाच. मी पुन्हा वाचले.