भुंग्याने वाचवलेले शास्त्रज्ञ : पिएर आंद्रे लात्रेय

मिरचीच्या शेंड्याची पाने आकसली की आपण बोकड्या आला म्हणतो आणि दुकानातून कीटकनाशक आणतो. पाने वरच्या बाजूला वळून होडीसारखी झाली असतील तर बहुतेक वेळा ते फुलकिड्यांचे काम असते. पाने खालच्या बाजूला वळली असतील तर पिवळ्या कोळीची शक्यता जास्त. (विषाणूमुळेही पाने आकसतात, तो वेगळा विषय आहे.) कोळी हा कीटक नाही. बरीचशी कीटकनाशके त्याच्यावर चालत नाहीत. उलट सायपरमेथ्रीनसारखी पायरेथ्रॉइड गटातील औषधे पुन्हा पुन्हा फवारली तर कोळीला खाणारे मित्रकीटक मरतात आणि पंधरा दिवसांत कोळी पहिल्यापेक्षा जास्त दिसू लागतो. त्यासाठी कोळीनाशकच लागते. काही औषधे फुलकिडे आणि कोळी दोन्हींवर चालतात, पण ते लेबल वाचूनच कळते.

मग कोळी कीटक नाही हे कोणी ठरवले आणि कशावरून? हा प्रश्न मेळाव्यात कुणीतरी विचारतोच. आठ पाय असतात म्हणून, असे उत्तर आपण देतो आणि पुढे जातो. ते उत्तर अपुरे का आहे, हे समजून घ्यायचे तर तुम्हाला दोनशे वर्षांपूर्वीच्या फ्रान्समधल्या एका माणसाची ओळख करून घ्यावी लागेल.

पिएर आंद्रे लात्रेय यांचा जन्म 29 नोव्हेंबर 1762 रोजी फ्रान्सच्या मध्यभागातील ब्रीव्ह या गावी झाला. आई-वडिलांचे लग्न झालेले नव्हते. वडील सैन्यातले बडे सरदार होते, पण मुलाला त्यांचे नाव मिळाले नाही. परक्यांच्या आधारावर वाढलेले हे पोर हुशार होते, म्हणून पुढे वडिलांच्या घराण्याच्या ओळखीने त्याला पॅरिसला शिकायला पाठवले गेले. त्या काळात गरीब पण बुद्धिमान मुलाला चर्चची नोकरी हा पोटापाण्याचा सरळ मार्ग होता. 1786 मध्ये लात्रेय धर्मगुरू झाले आणि गावी परतले.

गावी त्यांचा वेळ कुठे जायचा, तर बांधावर, ओढ्याकाठी, कुजक्या लाकडांखाली. किडे गोळा करायचे आणि भिंगाखाली पाहायचे. पॅरिसला गेल्यावर त्यांची फॅब्रिशियस यांच्याशी ओळख झाली. हे नाव तुम्ही वाचलेले आहे, लक्षात नसेल इतकेच. सोयाबीनची पाने खाणाऱ्या तंबाखूवरील अळीचे शास्त्रीय नाव स्पोडोप्टेरा लिट्युरा. त्या नावापुढे फॅब्रिशियस असे लिहिलेले असते, कारण त्या जातीचे पहिले वर्णन त्यांनी 1775 मध्ये केले.

त्या वेळची वर्गवारी कशी होती ते थोडे पाहू. स्वीडनचे लिनियस यांनी 1758 मध्ये प्राण्यांना दोन शब्दांची नावे देण्याची पद्धत पक्की केली. आजही आपण तीच वापरतो. पण सांधेदार पायांच्या प्राण्यांची विभागणी त्यांनी मुख्यतः पंखांवरून केली. पंख किती, कसले, यावरून गट पाडले आणि ज्यांना पंखच नाहीत ते सगळे एका टोपलीत टाकले. त्या टोपलीत कोण कोण होते? कोळी, विंचू, गोचीड, खेकडा, गोम, पैसा म्हणजे वाणी, ऊ, पिसू आणि वाळवीसुद्धा. वाळवीला पावसाळ्यात पंख फुटतात हे आपल्याकडे कोणतेही पोर सांगेल.

त्यांचेच विद्यार्थी असलेल्या फॅब्रिशियस यांनी पंख बाजूला ठेवले आणि तोंड पाहायला सुरुवात केली. चावणारे तोंड की शोषणारे, जबडा कसा, सोंड कशी. शेतकऱ्याच्या दृष्टीने ही मोठीच सोय झाली. रसशोषक कीड आणि पाने कुरतडणारी कीड हा भेद आपण आजही औषध निवडताना करतो. पण हीसुद्धा एकाच खुणेवरची वर्गवारी. त्यात अडचण अशी, की फुलपाखराची अळी पाने चावते आणि मोठे झाल्यावर तेच फुलपाखरू सोंडेने मध शोषते. एकाच जिवाची दोन तोंडे.

लात्रेय यांना हे पटत नव्हते. एका खुणेऐवजी सगळे शरीर पाहायचे, असे त्यांचे म्हणणे. पाय, तोंड, मिशा, शरीराचे भाग, श्वास घेण्याची व्यवस्था, वाढीच्या अवस्था, राहणी, खाणे, हे सगळे ज्यांच्यात जुळते त्यांना एकत्र ठेवायचे. गावाकडच्या भाषेत सांगायचे तर नुसत्या आडनावावरून भाऊबंद ठरवायचे नाहीत, सगळी चौकशी करायची. हे काम वेळखाऊ होते. आणि नेमका वेळच त्यांच्याकडे उरला नाही.

1789 मध्ये फ्रान्समध्ये राज्यक्रांती झाली. नव्या सरकारने धर्मगुरूंना निष्ठेची शपथ घ्यायला लावली. लात्रेय यांनी ती घेतली नाही. 1793 च्या अखेरीस त्यांना पकडले आणि बोर्दो शहरातल्या तुरुंगात टाकले. शपथ न घेतलेल्या धर्मगुरूंना देशाबाहेर दूरच्या वसाहतीत पाठवायचे ठरले होते. तिथून परत येण्याची आशा कोणी धरत नसे.

1794 मध्ये एक डॉक्टर कैद्यांना तपासायला त्या कोठडीत आला. एक कैदी जमिनीवर वाकून काहीतरी निरखत बसलेला त्याला दिसला. विचारल्यावर कळले की तो एक लहानसा भुंगा होता आणि कैद्याच्या मते तो दुर्मीळ होता. डॉक्टरला त्याचे नवल वाटले. तो भुंगा त्याने शहरातल्या एका ओळखीच्या मुलाकडे पाठवला. पंधरा-सोळा वर्षांचा हा मुलगा म्हणजे बोरी द सँ-व्हँसाँ. त्याला किड्यांचा नाद होता आणि लात्रेय हे नाव त्याने ऐकलेले होते. त्याने आणि दार्जलास नावाच्या दुसऱ्या अभ्यासकाने ओळखी लावल्या, धावपळ केली आणि लात्रेय सुटले. त्यांच्याबरोबरच्या कैद्यांपैकी बहुतेक जण पुढे लवकरच मरण पावले.

त्या भुंग्याचे नाव नेक्रोबिया रुफिकॉलिस. तो वाळलेल्या मांसावर, मेलेल्या जनावरांच्या अवशेषांवर राहतो. नेक्रोबिया हे नाव मृत्यू आणि जीवन अशा अर्थाच्या दोन ग्रीक शब्दांपासून बनले आहे. योगायोग म्हणायचा तर म्हणा. मला स्वतःला भुंग्यापेक्षा तो पंधरा वर्षांचा मुलगा जास्त महत्त्वाचा वाटतो. किड्यांचा नाद असलेले पोर गावात असेल तर त्याची चेष्टा करू नये.

सुटून आल्यावर दोन वर्षांनी, 1796 मध्ये, लात्रेय यांनी ब्रीव्हमध्ये स्वतःच्या खर्चाने एक पुस्तक छापले. त्यात कीटकांचे वंश नैसर्गिक क्रमाने मांडलेले होते आणि जवळच्या वंशांचे गट केलेले होते. या गटांना आपण आज कुळ म्हणतो. प्राण्यांच्या वर्गवारीत कुळ ही पायरी रुजवण्यात या पुस्तकाचा मोठा वाटा आहे. तरीही पुढच्या वर्षी त्यांच्यामागे पुन्हा सरकारी ससेमिरा लागला आणि पॅरिसच्या शास्त्रज्ञांनी मध्ये पडून त्यांना सोडवले. 1798 पासून ते पॅरिसच्या निसर्ग संग्रहालयात कामाला लागले.

तिथे लामार्क होते. उत्क्रांतीच्या संदर्भात शाळेत हे नाव येते, जिराफाच्या मानेमुळे. पण कोळ्याच्या बाबतीतही त्यांचे ऋण मोठे आहे. मूळचे ते वनस्पतिशास्त्रज्ञ. पन्नाशीच्या सुमारास त्यांच्याकडे कीटक आणि कृमींचे खाते आले. 1801 च्या पुस्तकात त्यांनी कोळी, विंचू वगैरेंना कीटकांपासून वेगळ्या वर्गात ठेवले. खेकडा-कोळंबीचा वर्गही वेगळा झाला. या मोठ्या चौकटीत प्रत्यक्ष भरणा करण्याचे, म्हणजे हजारो नमुने पाहून कोणाचे घर कुठले ते ठरवण्याचे काम लात्रेय यांनी केले. त्यांनी 1802 ते 1805 या काळात कवचधारी प्राणी आणि कीटकांवर 14 खंड लिहिले.

आता तुमच्या शेतातली ओळखीची मंडळी पाहा. सोयाबीन-कापसाची कोवळी रोपे कुरतडणारा पैसा आणि घरात निघणारी गोम यांचा बहुपाद हा गट लात्रेय यांनी 1802 मध्ये केला. जनावरांना आणि माणसांना खरूज करणारा सूक्ष्म जीव सार्कोप्टीस, हा वंश त्यांचाच. गोचिडांचा इक्सोडीस हा वंशही त्यांचाच. मुळे कुरतडणारी ग्रायलोटाल्पा, म्हणजे जमिनीत बोगदे करणारा किडा, तेही नाव त्यांनी दिले. मावा किडीचे कुळ, कोयीतल्या भुंग्याचे सोंडकिडे कुळ, ढालकिड्यांचे कुळ आणि लष्करी अळी, हरभऱ्यावरची घाटेअळी ज्यात येतात ते नॉक्टुइडी कुळ, या सगळ्या नावांपुढे लात्रेय असे लिहिले जाते.

कुळाचा उपयोग काय, असे तुम्ही विचाराल. कुळ कळले की न पाहिलेल्या किडीबद्दलही बराच अंदाज बांधता येतो. 2018 मध्ये मक्यावर अमेरिकन लष्करी अळी पहिल्यांदा आपल्या देशात आली, तेव्हा ती कोणत्या कुळातली हे माहीत होते. त्यामुळे पतंग रात्री फिरणार, अंडी पुंजक्याने असू शकतात, अळी जमिनीत कोषात जाणार, हे आधीच सांगता आले. अपवाद असतातच. ढालकिड्यांच्या कुळात बहुतेक मावा खाणारे मित्र आहेत, पण वांग्याची पाने चाळणीसारखी करणारा एपिलॅक्ना भुंगेराही त्याच कुळातला आहे.

कोळ्यांमध्ये लात्रेय यांनी 1804 मध्ये लायकोसा हा वंश केला. ग्रीक भाषेत लांडग्यासाठी जो शब्द आहे त्यावरून हे नाव आले. हे कोळी जाळे लावून बसत नाहीत, जमिनीवर धावून शिकार पकडतात. भाताच्या खाचरात चुडाच्या बुंध्याशी पळणारा करडा-तपकिरी कोळी तुम्ही पाहिला असेल. तो तपकिरी तुडतुडे खातो. जुन्या भात-पुस्तकांत तो लायकोसा या नावाने आहे, पुढे त्याला जवळच्या पार्डोसा वंशात हलवले. वर्गवारी अशी सरकत राहते. आज डीएनए तपासणीतून तर असे दिसते, की कीटकांची फांदी खेकडा-कोळंबीच्या झाडातूनच फुटलेली आहे.

आता आठ पायांच्या उत्तराकडे परत येऊ. लाल कोळीचे अंडे फुटून जे पिल्लू निघते त्याला सहाच पाय असतात. कात टाकल्यावर आठ होतात. नारळाच्या फळावर देठाजवळ राहणाऱ्या इरिओफाईड कोळीला तर आयुष्यभर चारच पाय. म्हणजे नुसते पाय मोजले तर तुम्ही फसाल. लात्रेय यांची रीत वापरा. पान उलटे करा, भिंग धरा आणि एकदम चार-पाच गोष्टी पाहा. मिशा आहेत का? कोळीला नसतात. पंख किंवा पंखांचे कोंब? कोळीला कधीच नसतात. शरीर एकसंध पिशवीसारखे आहे की डोके-छाती-पोट असे तीन भाग दिसतात? सोबत बारीक जाळी आणि गोल, चकचकीत अंडी दिसतात का? फुलकिडा लांबट, काडीसारखा असतो आणि त्याला मिशा असतात. इरिओफाईड मात्र साध्या भिंगाने दिसणे कठीण. तिथे फळावरचे त्रिकोणी पांढुरके डाग आणि नंतरच्या तपकिरी भेगा पाहाव्या लागतात.

मराठीत जाळे विणणारा आणि पानाखालचा, दोघांनाही कोळी म्हणतात. त्यामुळे गोंधळ होतो. बांधावर जाळी दिसली म्हणून कोळीनाशक विचारणारे शेतकरी मला भेटले आहेत. जाळे विणणारा तुमचा मित्र आहे, त्याला मारायचे नाही. पण नाव ठेवणाऱ्याची नजर चुकली नव्हती. दोघे खरोखरच एका वर्गातले आहेत, कीटक दोघेही नाहीत.

लात्रेय यांना मान उशिरा मिळाला. 1814 मध्ये ते फ्रान्सच्या विज्ञान अकादमीवर निवडून आले. लामार्क आंधळे झाल्यावर त्यांचे वर्ग लात्रेय घेत होते, पण खुर्ची लामार्क यांचीच होती. 1829 च्या डिसेंबरात लामार्क वारले, त्यानंतर ते खाते दोन भागांत विभागले आणि 1830 मध्ये लात्रेय प्राध्यापक झाले. तेव्हा त्यांचे वय 67 होते. 1832 मध्ये फ्रान्सची कीटकशास्त्र संस्था स्थापन झाली आणि त्यांना मानद अध्यक्ष केले. त्याच वर्षी पॅरिसमध्ये कॉलरा पसरला. त्यांनी पद सोडले आणि खेड्यात राहायला गेले. हिवाळ्याच्या तोंडावर परतले आणि 6 फेब्रुवारी 1833 रोजी वारले. पॅरिसच्या पेर लाशेझ दफनभूमीत त्यांची समाधी आहे. तिच्यावर त्या भुंग्याचे शास्त्रीय नाव कोरलेले आहे आणि त्याने यांचा जीव वाचवला असा उल्लेख आहे.

त्याच नेक्रोबिया वंशातला एक भाऊबंद आपल्या कोकणातल्या खोबऱ्याच्या साठ्यातही सापडतो. निळसर-हिरवा, चकचकीत, तांबड्या पायांचा. तो दिसला तर खोबरे नीट वाळलेले नाही असे समजा. ओलावा सहा टक्क्यांपर्यंत खाली आणून मगच पोती भरा आणि जुन्या साठ्याशेजारी नवी पोती रचू नका.